पाच ससे आणि पाचही ससे

बालवाडीचं कपाट उघडा, पुस्तक प्रदर्शनात फिरा किंवा एस.टी. स्थानकावरचा स्टॉल पाहा. लहान मुलांच्या पुस्तकांत एक प्रकार हमखास हाती लागतो. पहिल्या पानावर एक हत्ती, दुसऱ्यावर दोन अस्वलं, तिसऱ्यावर तीन माकडं, असं करत करत दहाव्या पानावर दहा मुंग्या किंवा दहा चिमण्या. हत्तीने टोपी घातलेली, अस्वलं झोपाळ्यावर बसलेली, माकडं कोलांट्या उड्या मारणारी. अंकलिपीची परंपरा आपल्याकडे जुनी आहे. तिचंच हे गुळगुळीत कागदावरचं रंगीत भावंड म्हणता येईल.

या पुस्तकांचं परीक्षण सहसा कोणी करत नाही. चित्रं छान आहेत, मुलांना आवडतात, आकडे बरोबर छापले आहेत. मग आणखी काय पाहायचं, असा एक समज असतो. आठवीच्या विज्ञानाच्या पुस्तकातली आकृती चुकली तर आपण लगेच पेन उचलतो. पण मुलाच्या आयुष्यातलं गणिताचं पहिलं पुस्तक आपण डोळे मिटून विकत घेतो. २०२० चं राष्ट्रीय शैक्षणिक धोरण आणि जुलै २०२१ मध्ये सुरू झालेलं ‘निपुण भारत’ अभियान, दोन्हींनी पायाभूत संख्याज्ञानावर भर दिला आहे. तेव्हा हे ज्ञान ज्या पुस्तकांतून मुलांपर्यंत पोचायचं, ती जरा बारकाईने पाहायला हवीत.

म्हणणं वेगळं, मोजणं वेगळं

साडेतीन वर्षांचं मूल दहापर्यंत अंक घडाघडा म्हणतं आणि घरचे कौतुक करतात. आता त्याच्यासमोर चिंचोक्यांचा ढीग ठेवा आणि ‘मला पाच चिंचोके दे’ असं म्हणा. बरीच मुलं मूठ भरून चिंचोके तुमच्या हातावर ठेवतील. कॅरन विन या मानसशास्त्रज्ञ बाईंनी १९९० च्या सुमारास नेमकी हीच चाचणी वापरून मुलांची वाटचाल तपासली. मूल आधी फक्त ‘एक’चा अर्थ शिकतं. काही महिन्यांनी ‘दोन’चा, मग ‘तीन’चा. त्यानंतर कधीतरी त्याला उलगडतं, की मोजताना जो शब्द शेवटी येतो तोच ‘एकूण किती’ या प्रश्नाचं उत्तर असतो. हे उलगडेपर्यंत अंक म्हणणं हे त्याच्या दृष्टीने बडबडगीत म्हणण्यासारखंच असतं.

रोशेल गेलमन आणि रँडी गॅलिस्टेल यांनी १९७८ साली मोजणीमागची पाच तत्त्वं मांडली. एका वस्तूला एकच अंकशब्द, म्हणजे आपल्या पाठ्यपुस्तकातली ‘एकास एक संगती’. अंकशब्दांचा क्रम ठरलेला. शेवटचा शब्द म्हणजे एकूण संख्या. मोजायच्या वस्तू कोणत्याही असोत, पद्धत तीच. आणि सुरुवात कुठूनही केली तरी उत्तर तेच. ही पाच तत्त्वं म्हणजे मोजणीच्या पुस्तकांसाठी तयार कसोटीच आहे. प्राण्यांचं पुस्तक हाती घेऊन एवढंच विचारायचं, की यातलं पान या पाचांपैकी कोणत्या तत्त्वाला मदत करतं आणि कोणत्या तत्त्वाच्या आड येतं?

खेळकरपणा कोणाच्या कामाचा?

प्राणी खेळकर असले की मुलांचं लक्ष लागतं, हे खरं. पण लक्ष कशाकडे लागतं? लोरी पीटरसन आणि निकोल मॅक्‌नील यांनी २०१३ साली बालवाडीच्या वयाच्या मुलांना वेगवेगळ्या वस्तू मोजायला दिल्या. ज्या वस्तू मुलांच्या ओळखीच्या होत्या आणि शिवाय रंगीबेरंगी, आकर्षक होत्या, त्या मोजताना मुलं अधिक चुकली. कारण सोपं आहे. ओळखीचं माकड दिसलं की मूल त्याच्याशी खेळू लागतं, त्याला नाव देतं, त्याची गोष्ट रचतं. त्या क्षणी ते माकड ‘तिघांपैकी एक’ राहत नाही.

म्हणून पुस्तकातले प्राणी दगडाच्या मूर्तींसारखे बसवायचे का? मुळीच नाही. प्रश्न इतकाच, की त्यांचा खेळ मोजणीचं काम करतो की मोजणीपासून दूर नेतो. एका ओळीत उड्या मारत नदी ओलांडणारे सहा बेडूक मुलाला सुरुवात आणि शेवट दाखवतात. झाडाभोवती गोल धावणारे, एकमेकांमागे लपलेले, कुणाची फक्त शेपटी दिसणारे सहा बेडूक हे दाखवत नाहीत. गोलात कुठून सुरू केलं हे मोठ्यांनाही लक्षात ठेवावं लागतं. आणि नुसती शेपटी दिसली तर बेडूक मोजायचा की नाही? (बेडकाला शेपटी कुठून, असं ज्यांच्या मनात आलं त्यांना शाबासकी. ती त्याच्या पिल्लाला असते, बेडकाला नसते. पण चित्रकाराने काढली तर मूल ती खरी मानणारच.)

इथे दीडशे वर्षांपूर्वीचा एक साधा प्रयोग आठवतो. विल्यम स्टॅन्ली जेव्हन्स या इंग्रज तर्कशास्त्रज्ञाने एका पेटीत काळ्या बिया टाकायच्या आणि न मोजता, एका नजरेत त्या किती आहेत ते सांगायचं, असं हजारावर वेळा केलं. १८७१ साली ‘नेचर’मध्ये त्याने निष्कर्ष छापले. बिया तीन किंवा चार असताना तो एकदाही चुकला नाही. पाचापासून चुका सुरू झाल्या. म्हणजे चारपर्यंतची संख्या नजरेला थेट दिसते. त्यापुढे मोजावं लागतं. आता आपल्या पुस्तकांकडे पाहा. एक ते चारच्या पानांवर मोकळी जागा असते. तिथे मोजण्याची गरजच नसते. सहा, सात, आठ, नऊ ही खरी मोजायची पानं आणि नेमकी तिथेच गर्दी, आच्छादन आणि गोंधळ! जिथे आधार हवा तिथेच तो काढून घेतलेला असतो.

दुसरी एक खोट प्रयोगशाळेत काम करणाऱ्याला चटकन खटकते. एकच गोष्ट तपासायची असेल तर बाकीच्या गोष्टी स्थिर ठेवाव्या लागतात. ‘एक हत्ती ते दहा मुंग्या’ या पुस्तकात संख्या वाढत जाते तसे प्राणी लहान होत जातात. चित्रकाराची अडचण समजते. पानावर दहा हत्ती मावत नाहीत. पण मुलाला त्यातून काय कळतं? हत्तीचं पान भरगच्च, मुंग्यांचं पान जवळपास रिकामं. ‘जास्त’ म्हणजे जास्त जागा व्यापणारं, असं समजणाऱ्या वयात आपण त्याला उलटसुलट पुरावे देतो. एकाच प्रकारचे, एकाच आकाराचे प्राणी पानागणिक एकेकाने वाढत गेले तर ‘पुढची संख्या म्हणजे एक जास्त’ हे न सांगता दिसतं.

चार गाजलेली पुस्तकं

जगभर वाचल्या गेलेल्या चार पुस्तकांना ही कसोटी लावून पाहू.

एरिक कार्ल यांचं ‘वन, टू, थ्री टू द झू’ १९६८ चं. एक आगगाडी प्राणिसंग्रहालयाकडे निघाली आहे. पहिल्या डब्यात एक हत्ती, पुढे दोन पाणघोडे, तीन जिराफ, असं करत शेवटच्या डब्यात दहा पक्षी. पुस्तकात गोष्टीचे शब्द नाहीत, त्यामुळे ते मराठीतून सांगताना भाषांतराची अडचण येत नाही. वर म्हटलेला आकाराचा दोष यात आहेच. पण एक मोठा गुण आहे. प्रत्येक पानाच्या तळाशी एक छोटी आगगाडी आहे आणि मोजून झालेले डबे तिला जोडले जातात. पान उलटलं की आधीचे प्राणी नाहीसे होत नाहीत. शेवटी प्राणी संग्रहालयात पोचतात आणि गाडी रिकामी उरते. दुसरी-तिसरीच्या मुलांनी डब्यांतल्या प्राण्यांची बेरीज करावी. ती ५५ येते. मोठ्या विद्यार्थ्यांनी १ ते १० ची बेरीज न मोजता कशी काढायची ते शोधावं.

या पुस्तकात एक छोटा उंदीरही पानापानावर हजर असतो. एखादं मूल हत्तीच्या पानावर ‘दोन’ म्हणालं तर त्याला चूक म्हणू नका. त्याने हत्ती आणि उंदीर मोजले. ‘किती?’ हा प्रश्नच अपुरा आहे, ‘काय किती?’ हे आधी ठरवावं लागतं. एककाची ही कल्पना पुढे भौतिकशास्त्रापर्यंत पुरते.

कार्ल यांचंच ‘द व्हेरी हंग्री कॅटरपिलर’ १९६९ चं. सुरवंट सोमवारी एक सफरचंद खातो, मंगळवारी दोन नासपती, असं शुक्रवारी पाच संत्र्यांपर्यंत. प्रत्येक फळाला आरपार भोक आहे. मूल त्यात बोट घालतं. एक भोक, एक बोट, एक शब्द. एकास एक संगती बोटाला कळते. पुस्तकातल्या करामती नेहमीच उपयोगी पडतात असं नाही. मेधा तारे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१० साली दाखवलं, की दोन वर्षांच्या आसपासची मुलं उघडझाप करणाऱ्या, उभ्या राहणाऱ्या चित्रांच्या पुस्तकांतून साध्या पुस्तकांपेक्षा कमी शिकतात. इथे फरक असा, की भोक हे मोजणीचंच साधन आहे, सजावट नव्हे. जीवशास्त्राची मात्र थोडी आबाळ झाली आहे. सुरवंट केक खात नाही. बहुतेक जाती ठरावीक वनस्पतींचीच पानं खातात. परसातल्या कढीलिंबावर लिंबाच्या फुलपाखराची अळी शोधा आणि तिने एका दिवसात किती पानं खाल्ली ते मुलांना मोजू द्या. पुस्तकाला ती चांगली पुरवणी होईल.

मित्सुमासा आन्नो हे जपानी चित्रकार काही वर्षं प्राथमिक शिक्षक होते आणि ते त्यांच्या ‘आन्नोज काउंटिंग बुक’मध्ये जाणवतं. जपानमध्ये १९७५ साली आणि इंग्रजीत १९७७ साली आलेलं हे पुस्तक शून्यापासून सुरू होतं. पहिल्या चित्रात बर्फाने झाकलेलं रिकामं माळरान आहे. मग पानागणिक एक गाव वसत जातं. घरं, झाडं, माणसं, प्राणी, सगळे त्या त्या संख्येत येतात. बारा चित्रांतून वर्षाचे बारा महिने सरतात. कडेला दहा घरांचा उभा रकाना आहे आणि त्यात तेवढेच ठोकळे भरलेले दिसतात. पाच घरं, पाच झाडं, पाच ठोकळे: वस्तू वेगळ्या, संख्या तीच. ‘काहीही मोजता येतं’ हे तत्त्व इतक्या शांतपणे क्वचितच कोणी मांडलं असेल. इथले प्राणी कसरती करत नाहीत. गावात जसे असतात तसे असतात. दोष म्हणाल तर, शेजारी बसून बोलणारं मोठं माणूस नसेल तर चार वर्षांच्या मुलाला हे पुस्तक जड जातं. काय मोजायचं ते चित्र स्वतः सांगत नाही.

चौथं पुस्तक एलन स्टोल वॉल्श यांचं ‘माउस काउंट’, १९९१ चं. एक भुकेला साप झोपलेले उंदीर पकडून एकेक मोजत बरणीत टाकतो. दहा होतात. मग उंदीर त्याला आणखी मोठ्या सावजाची हाव दाखवतात, तो तिकडे जातो, हे बरणी पाडतात आणि उलटे मोजत बाहेर पडतात. मोजणी म्हणून मला हे पुस्तक सर्वांत पक्कं वाटतं. मोजलेले उंदीर बरणीत, न मोजलेले बाहेर. कोणता मोजून झाला आणि कोणता राहिला, ही मुलांची नेहमीची अडचण गोष्टच सोडवते. चिंचोके मोजताना बाई ‘मोजलेला वाटीत टाक’ असं सांगतात तेच हे. आणि उलट्या मोजणीला इथे कारण आहे: ती झाली तरच जीव वाचतो. खेळकर प्राण्यांचा खेळ मोजणीच्या कामी लावणं म्हणजे काय, याचं याहून चांगलं उदाहरण सापडणं कठीण.

मराठीने दिलेल्या सोयी

आपल्याकडे अशी पुस्तकं करताना बऱ्याचदा इंग्रजी पुस्तकाचा साचा उचलला जातो. पण मोजणी भाषेतूनच शिकली जाते आणि मराठीत काही सोयी आयत्या आहेत.

पहिली सोय अनेकवचनाची. बार्बरा सारनेका आणि सहकाऱ्यांनी २००७ साली इंग्रजी, रशियन आणि जपानी मुलांची तुलना केली. नामाचं एकवचन-अनेकवचन होणाऱ्या भाषांतली मुलं ‘एक, दोन, तीन’चे अर्थ जपानी मुलांच्या आधी शिकली. पुढे २०१३ साली, द्विवचन असलेल्या स्लोव्हेनियन आणि सौदी अरबी बोलणारी मुलं ‘दोन’चा अर्थ लवकर शिकतात, असंही दिसलं. संस्कृतातलं द्विवचन मराठीत उरलं नाही, पण अनेकवचन आहे. तेही सगळीकडे दिसत नाही. एक हत्ती, दोन हत्ती. एक उंदीर, दोन उंदीर. एक वाघ, दोन वाघ. इथे शब्द बदलत नाही. उलट एक ससा, दोन ससे. एक चिमणी, दोन चिमण्या. एक म्हैस, दोन म्हशी. इथे कानालाही कळतं, की आता एकाहून जास्त झाले. मग पहिल्या दोन पानांवर हत्ती आणि वाघ का आणायचे? ससा आणि चिमणी आणा. हे कोणत्याही इंग्रजी पुस्तकावरून कळणार नाही.

दुसरी सोय त्याहून मोलाची आहे. मोजून झाल्यावर ‘किती?’ विचारलं तर मूल पुन्हा मोजायला लागतं, कारण त्याच्या लेखी ‘पाच’ हे शेवटच्या सशाचं नाव आहे. आता मराठीतले दोन प्रयोग पाहा: ‘पाचवा ससा’ आणि ‘पाचही ससे’. एक क्रम सांगतो, दुसरा सगळा गट कवेत घेतो. ‘एक, दोन, तीन, चार, पाच. पाचही ससे बिळात पळाले.’ एका ‘ही’ने एकूण संख्येचं तत्त्व सांगून टाकलं! केली मिक्स आणि सहकाऱ्यांनी २०१२ साली साडेतीन वर्षांच्या मुलांना काही आठवडे सराव दिला. संचाची संख्या सांगून लगेच तो मोजून दाखवला तेव्हा मुलांची समज वाढली. नुसतं मोजून किंवा नुसती संख्या सांगून वाढली नाही. संख्या आणि मोजणी शेजारी शेजारी हवी, आणि ‘पाचही’ हा शब्द त्यांना सहज शेजारी बसवतो.

शिवाय ‘दोघे, तिघे, चौघे’ आहेत. माणसांसाठीचे हे शब्द गोष्टीत प्राणी माणसांसारखे वागू लागले की त्यांनाही लागतात. आणि ते चौघांवर थांबतात. पुढे ‘पाचजण’ म्हणावं लागतं. जेव्हन्सची नजरही चारावरच थांबली होती. योगायोग असेल, पण वर्गात सांगण्याजोगा आहे.

दहाच्या पुढे तर आपल्याला खास पुस्तकं हवीत. २०१९ साली दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात ‘वीस एक, वीस दोन’ असं वाचन आलं तेव्हा महाराष्ट्रभर वाद झाला. त्या वादाची एक बाजू घेण्यापेक्षा ‘एकोणीस, एकोणतीस’ या शब्दांचा अर्थ मुलांना दिसेल अशी गोष्ट कोणी लिहिली तर बरं. वीस बदकं तळ्याकडे निघाली, एक मागे रेंगाळलं: एक उणे वीस, एकोणीस. खोडकर बदकाला इथे खरं काम आहे.

प्राण्यांशीही प्रामाणिक

शेवटचा मुद्दा प्राण्यांच्या बाजूने. पॅट्रिशिया गानिया आणि सहकाऱ्यांनी २०१४ साली तीन ते पाच वर्षांच्या मुलांना प्राण्यांची पुस्तकं वाचून दाखवली. प्राणी बोलतात, माणसांसारखा विचार करतात, अशा भाषेत ती वाचली तेव्हा मुलांनी खऱ्या प्राण्यांनाही माणसांचे गुण चिकटवले, आणि लहान मुलांनी प्राण्यांविषयीची खरी माहिती कमी उचलली. गोष्टीतल्या सशाने बोलू नये असा याचा अर्थ नाही. पण पानावर सहा वाघ फेर धरून नाचत असतील तर वाघ एकटा राहणारा प्राणी आहे, हे सांगण्याची संधी आपण वाया घालवतो. सहा रानकुत्रे काढले असते तर मोजणीही झाली असती आणि प्राणिशास्त्रही. ते कळपानेच हिंडतात.

निसर्गात मोजण्याजोग्या संख्या भरपूर आहेत. मुंगीचे पाय सहा, कोळ्याचे आठ, खेकड्याचे नांग्या धरून दहा. आणि ज्या पक्ष्याच्या मराठी नावातच संख्या आहे तो सातभाई मोजणीच्या पुस्तकात मी अजून पाहिलेला नाही. कलकलाट करत थव्याने जमिनीवर उतरणारे हे पक्षी गावोगाव दिसतात. खरंच सात असतात का? मुलांना आठवडाभर मोजू द्या आणि फळ्यावर नोंद ठेवा. कधी सहा, कधी नऊ. नाव आणि निरीक्षण यांत फरक पडू शकतो, हा विज्ञानाचा पहिला धडा तिथेच होईल.

तेव्हा पुढच्या वेळी असं पुस्तक निवडताना सात, आठ आणि नऊची पानं आधी उघडा. प्रत्येक प्राणी सुटा आणि पूर्ण दिसतो का, काय मोजायचं ते कळतं का, मोजल्यावर एकूण संख्या सांगितली आहे का, आणि प्राण्याचा खेळ मोजणीला हातभार लावतो का, एवढं पाहा. पुस्तक यात कमी पडलं तरी फेकू नका. लपलेल्या माकडावर बोट ठेवून ‘याला मोजायचं का रे?’ असं विचारणारे गुरुजी किंवा बाई शेजारी असतील तर सामान्य पुस्तकही कामाला येतं. मग ते मिटा, मुलासमोर चिंचोके ठेवा आणि पाच मागा. तुमच्या तळहातावर पाचही चिंचोके आले तर मूल मोजायला शिकलं असं समजा.